बनाबाईनं नदी घाण केली, त्याची फिल्म

नदी घाण करायला पुष्कळ माणसं, बरीच वर्षं आणि थोडीफार यंत्रसामग्री लागते. ती स्वच्छ करायला मात्र एक माहितीपट पुरतो. हे सत्य अनेक प्रगत देशांना अजून उमगलेलं नाही. साताऱ्यात ते १९९५ सालीच उमगलं, आणि तेही कुठलीही परदेशी मदत न घेता.

त्या साली गळीत हंगाम ऐन भरात आला असताना उंब्रजच्या खालच्या अंगाला, करंजवठार गावापाशी, कृष्णेचं पाणी आधी चहासारखं झालं आणि मग काकवीसारखं. वास गोडसर, पण सडका. मग मासे पोट वर करून तरंगायला लागले. मेल्यावर माशाला पोहण्याचे कष्ट पडत नाहीत, ही त्यातली जमेची बाजू. पण गावानं तिचा विचार केला नाही. गावाला खरा धक्का बसला तो म्हशींमुळं. म्हैस हे पाण्याच्या बाबतीत काही चोखंदळ जनावर नव्हे. ती काठापर्यंत जायची, वास घ्यायची आणि तोंड फिरवून माघारी यायची. म्हशीला जे पटेना ते आपण पितोय म्हटल्यावर माणसं विचारात पडली.

विचार फार लांब न्यावा लागला नाही. नदीच्या वरच्या अंगाला साखर कारखाना होता आणि कारखान्याला नुकतीच डिस्टिलरी जोडली होती. तिच्यातून निघालेला एक पाईप जमिनीखालून यायचा आणि बाभळींच्या आडोशाला नदीकाठी तोंड काढायचा. त्यातून मळीचं पाणी पडतं, हे गावातल्या लहान पोरालाही ठाऊक होतं. (मोठ्यांना ते ठाऊक असणं सोयीचं नव्हतं. निम्म्या गावाचा ऊस त्याच कारखान्याला जायचा.)

तरीपण सरपंच लालासाहेब धाडसी गृहस्थ. फौजेतून सुभेदार होऊन आलेले. त्यांनी मेलेले मासे पाटीत भरले, वर ओलं पोतं टाकलं आणि चार माणसं घेऊन साताऱ्यातलं संबंधित कार्यालय गाठलं. कार्यालय संबंधित आहे हे त्यांना तिसऱ्या कार्यालयात कळलं. तिथल्या साहेबांनी नाकाला रुमाल लावला आणि थेट मुळावर बोट ठेवणारा प्रश्न केला.

"तुम्ही लोक पर्यावरणाविषयी जागृत आहात का?"

मंडळींनी एकमेकांच्या तोंडाकडं पाहिलं. सुभेदार खोटं बोलणाऱ्यांतले नव्हते. "न्हाई बुवा," ते म्हणाले. "आमी तसलं कायबी केल्यालं न्हाई."

"मग बरोबर आहे," साहेब म्हणाले आणि त्यांनी तसं टिपून घेतलं. मासे जागृतीच्या अभावी मेले होते.

निदान झालं की उपचार सोपा असतो. जिल्ह्यात एक जागृती समिती नेमली गेली. तीत अधिकारी होते, एक प्राध्यापक होते, एक डॉक्टर, एक नगराध्यक्ष, एक संपादक आणि नदीशी सर्वांत जवळचा संबंध असलेले म्हणून कारखान्याचे चेअरमन. पहिल्या बैठकीत समितीनं नदीविषयी चिंता व्यक्त केली. दुसऱ्या बैठकीत ती तीव्र केली. तिसऱ्या बैठकीत माहितीपट काढायचं ठरलं. भित्तिपत्रकं पावसात भिजतात, भाषणं लोक एका कानानं ऐकतात. माहितीपट मात्र थेट डोळ्यांतून काळजात शिरतो आणि तो पाहून झाल्यावर दुसरं काही करावं लागत नाही, असं प्राध्यापकांनी विवेचन केलं. चेअरमन भारावले. त्यांनी खर्च उचलला, जीप दिली, गेस्ट हाऊस दिलं आणि दिग्दर्शक म्हणून आपला पुतण्या वीरधवल दिला. वीरधवलनं पुण्यात कॅमेऱ्याचा कोर्स केला होता. तोवर त्यानं फक्त लग्नांचं शूटिंग केलं होतं, पण त्यानं टिपलेली मुलीची पाठवणी पाहून नवऱ्याकडची माणसंसुद्धा रडत, असा त्याचा लौकिक होता.

आता प्रश्न राहिला तो एवढाच, की माहितीपटात नदी कुणी घाण केलेली दाखवायची.

म्हशींचं नाव प्रथम निघालं. पण दूध संघाची निवडणूक तोंडावर होती. निर्माल्य आणि मूर्ती म्हणाव्यात, तर भावना दुखावतात. शहराचं सांडपाणी म्हणावं, तर नगराध्यक्ष समोरच बसलेले. प्राध्यापकांच्या तोंडून अनवधानानं 'कारखाना' हा शब्द गेला. चेअरमननी शांतपणे विचारलं, "सर, कारखाना नदीत आहे का काठावर?"

"काठावर."

"मग?"

प्राध्यापक शास्त्राचे अभ्यासक होते. त्यांनी पुरावा मान्य केला.

उरलं धुणं. धुण्याची कुठं संघटना नाही, धुण्याची सोसायटी नाही, धुण्याला जिल्हा परिषदेत प्रतिनिधी नाही. धुणं एकमतानं मंजूर झालं.

*

बनाबाई कांबळे करंजवठारच्या अंगणवाडीत मदतनीस होती. सकाळी घरोघर जाऊन पोरं गोळा करायची, त्यांचे शेंबूड पुसायचे, खिचडी शिजवायची, खाऊ घालायची, झोपलेल्याला पाठुंगळी मारून घरी पोचवायचं, असं तिचं काम. नवरा जालिंदर कराडच्या एसटी डेपोत मेकॅनिक. दोघंही नीटनेटकी. बनाबाईला तर स्वच्छतेचं वेडच. अंगणवाडीची जमीन ती अशी सारवायची की पोरांना तिथं मुतायची लाज वाटावी.

गावात धुण्याच्या जागा दोन. एक वरचा दगडी घाट, जुन्या गावाचा. दुसरी खाली, नदीच्या वळणापलीकडं, जिथं बौद्धवस्तीतल्या बायका धूत. तिथं नुसते काळे दगड. वस्तीनं खाली धुवावं असं कुणी लिहून ठेवलेलं नव्हतं. छप्पन साली माणसांनी धम्म घेतला, घरातले देव गेले, नावं बदलली. दगड तेवढे होते तिथंच राहिले. म्हणजे करंजवठारच्या हद्दीत नदीच्या अगदी शेवटी हात घालणारं माणूस ते बनाबाईच. तिच्या हातून घाण झालेलं पाणी गावात परत यायचं, तर नदीला उलटं वाहावं लागलं असतं. (माहितीपटात नदी उलटी वाहू शकते. ते माध्यमाचं सामर्थ्य आहे.)

त्या दिवशी बनाबाई तिथं धूत होती ती सरकारी सतरंजी. वरून कुणी पाहुणे अंगणवाडी बघायला येणार होते, म्हणून मुख्यसेविका बाईंनी सतरंजी धुवायचं फर्मान काढलं होतं. साबणाची तरतूद नसल्यामुळं बनाबाई ती नुसत्या पाण्यातच आपटत होती. जीप काठाला थांबली. वीरधवल उतरला, त्यानं डोळ्यांपुढं बोटांची चौकट धरली आणि म्हणाला, "उजेड काय सुंदर आहे इथं!"

"कोन पायजे?" बनाबाईनं विचारलं.

"मावशी, तुम्हीच. नदीवर फिल्म काढतोय. मासे का मरतात त्याची. लोकांत जागृती व्हावी म्हणून."

बनाबाईनं सतरंजी खाली ठेवली. एवढे दिवस ती जिला-तिला सांगून दमली होती, आणि आज ऐकायला माणूस कॅमेरा घेऊन चालत आला होता. "बरं झालं गा बाबा आलास," ती म्हणाली. पदर खोचून ती त्याला काठाकाठानं घेऊन गेली. कपारीत अडकलेले मासे दाखवले. बाभळींकडं हात करून सांगितलं, "त्यो बग पाईप. सांच्याला सोडत्यात. समदं त्याच्यातनं येतंय. अंगनवाडीतली पायल हाय, येवढीशी पोर, पान्यात खेळली तर पायाला ह्येऽ फोड आल्यात. ह्ये दाव लोकास्नी."

"दाखवतो की," वीरधवल म्हणाला. त्यानं सगळं टिपलं. मासे टिपले, बनाबाईचा उगारलेला हात टिपला, बोट टिपलं. मग म्हणाला, "मावशी, आता ते धुणं जरा जोरात आपटा बघू. अजून जोरात. रागानं."

राग बनाबाईला आलेलाच होता. तिनं सतरंजी अशी आपटली की पलीकडच्या काठावरचे बगळे उडाले.

"नाव काय तुमचं?" जाताना त्यानं विचारलं. खरं नाव असलं की माहितीपटाला वजन येतं, असं त्याला कोर्समध्ये शिकवलं होतं.

*

'काळवंडली माई' हा माहितीपट करंजवठारच्या शाळेपुढच्या मैदानात पांढऱ्या पडद्यावर दाखवला गेला, तेव्हा सबंध गाव हजर होतं. बनाबाईनं ठेवणीतलं लुगडं नेसलं होतं. जालिंदरनं डेपोत सगळ्यांना सांगून ठेवलं होतं आणि स्वतः रजा टाकून, दाढी करून पहिल्या रांगेत बसला होता. वस्तीतली माणसं त्यांच्या मागं दाटीनं बसली. अशा कार्यक्रमाला वस्तीतलं कुणी पहिल्या रांगेत बसण्याची ही पहिलीच खेप, आणि कुणी हरकत घेतली नाही. ती सिनेमातली बाई होती.

सुरुवातीला नदी आली. बासरी वाजली. मग जाडजूड आवाजात निवेदन सुरू झालं: "जीवनदायिनी कृष्णामाई! कोणी केली तिची ही दशा?" लगेच पडद्यावर बनाबाई आली. पोरांनी शिट्ट्या मारल्या. बनाबाईनं तोंडाला पदर लावला. पडद्यावरच्या बनाबाईनं सतरंजी आपटली. मेलेला मासा दिसला. पुन्हा आपटली, पुन्हा मासा. आपटणं आणि मासा, आपटणं आणि मासा, असं बराच वेळ चाललं, आणि दर आपटण्याला मागं ढोल. "हे आहे अज्ञान!" आवाज म्हणाला. "या अज्ञानाचं नाव आहे बनाबाई. ती दुसऱ्याकडे बोट दाखवते," इथं बाभळींकडं उगारलेलं बोट आलं, बाभळी आल्या नाहीत, "पण स्वतःचे हात तिने कधी पाहिले आहेत का?" मग बनाबाईचे ओले हात पडदाभर आले आणि चित्र थांबलं.

मैदानात टाळ्यांचा कडकडाट झाला. चेअरमननी वीरधवलला पोटाशी धरलं.

बनाबाई अजून पडद्याकडंच बघत होती. "आवं," तिनं जालिंदरला हळूच विचारलं, "पाईप कवा येनार?"

"संपला पिच्चर," जालिंदर म्हणाला.

दोघं घराकडं निघाली. ओढ्यापाशी आल्यावर जालिंदर म्हणाला, "आज्याच्या वक्ताला आपल्या सावलीनं पानी बाटायचं. आता साबनानं बाटतंय. सुधारना हाय."

"साबन तरी कुटं हुता?" बनाबाई म्हणाली, आणि तिथंच खाली बसून ती रडली.

यानंतर माहितीपटाचा जो परिणाम झाला, तो प्रत्येक जागृतीप्रेमी माणसानं अभ्यासावा असा आहे. पाणी बाटवल्याचा आळ बनाबाईच्या घराण्याला नवा नव्हता, पण पूर्वी तो धर्माच्या आधारानं यायचा आणि शिकलेली माणसं त्याला नाकं मुरडायची. आता तो शास्त्राच्या आधारानं आला, तेव्हा शिकलेली माणसंच पुढं होती. ग्रामसभा भरली. खालच्या दगडांवर धुणं धुवायला प्रायोगिक तत्त्वावर बंदी झाली. (वरचा घाट माहितीपटात नसल्यामुळं त्याचा विचार झाला नाही.) सुभेदारांना ते पटत नव्हतं, ते स्वतः पाटी घेऊन साताऱ्याला गेलेले. पण ते म्हणाले, "बनाबाई, तुझा दोष हाय असं मी म्हनत न्हाई. पन पिच्चरमधी दाखवलंय गं. आता काय करायचं?"

"पिच्चर तुमीच डोळ्यानं बगितलाय आन् पाईपबी तुमीच बगितलाय," बनाबाई म्हणाली. "मग?"

सुभेदारांनी टोपी काढून पुन्हा घातली. त्यांचा ऊस अजून तोडायचा राहिला होता.

समितीनं एक घोषवाक्य तयार केलं आणि ते सातारा आणि शेजारचा सांगली अशा दोन जिल्ह्यांतल्या भिंतींवर गेरूनं रंगवून घेतलं: 'बनाबाई होऊ नका!' कोरेगावच्या बाजारात एका भाजीवालीनं तिला ओळखलं आणि वांगी देताना हात आखडता घेतला. कडेगावच्या जत्रेत तंबूच्या टॉकीजमध्ये मुख्य सिनेमाआधी 'काळवंडली माई' दाखवत. ढोल सुरू झाला की पोरं आपटण्याच्या तालावर ओरडत. पोरांचा एक खेळच निघाला. एकानं बनाबाई व्हायचं, टॉवेल आपटायचा आणि बाकीच्यांनी मासे होऊन मरून पडायचं.

आणि मुख्यसेविका बाईंची नोटीस आली. शासकीय मालमत्ता (सतरंजी) प्रदूषणाच्या कामी वापरल्याबद्दल तुम्हांला कामावरून का कमी करू नये, याचा खुलासा करावा. बनाबाई धावत त्यांच्याकडं गेली. "बाई, तुमीच तर धुवाय सांगितली हुती!"

"धुवायला सांगितली होती," बाई म्हणाल्या. "प्रदूषण करायला नव्हती सांगितली."

*

सालभरानं 'काळवंडली माई'ला राज्य पातळीवरचा कसलासा पुरस्कार मिळाला. साताऱ्यात मोठा सत्कार ठरला आणि समितीला वाटलं, की बनाबाईलाही बोलवावं. गुन्हेगार सुधारल्याशिवाय जागृती पूर्ण होत नाही. निरोप आला, की स्टेजवर येऊन 'मी चुकले' एवढंच म्हणायचं. नोटीस आपोआप दप्तरी जाईल.

"म्हन की," जालिंदर म्हणाला. "दोन तर शबुद हाईत. डेपोत सायबापुडं आमी दिसातनं धा येळा म्हनतो."

बनाबाईला नोकरी हवी होती. पैशापेक्षाही पोरांसाठी. तिच्या माघारी पायलच्या पायांना कोण बघणार, हा विचार तिला सुटत नव्हता. त्या पोरीचे फोड बरे व्हायचे आणि परत उठायचे. भाकरी थापताना तिनं 'मी चुकले' पुष्कळदा म्हणून पाहिलं. चांगलं बसलं.

सत्काराच्या दिवशी हॉल भरला होता. शाली झाल्या, नारळ झाले, चेअरमनना 'नदीपुत्र' म्हटलं गेलं. मग बनाबाईला माईकपाशी उभं केलं.

"जय भीम," ती म्हणाली. "मला सांगितलंय, चुकले म्हनायचं. म्हन्ते. पन त्याच्या आदी येक इचारते. वरीस झालं, मी त्या दगडावर गेली न्हाई. आमच्या वस्तीतली येक बाय गेली न्हाई. आन् मागल्या म्हयन्यात मासं परत मेलं. मग ह्या येळंला धुनं कुनी धुतलं?"

 मग मागच्या रांगेतून एकानं टाळी वाजवली, भाषण संपलं असं समजून. आणि टाळी सुरू झाली की आपण मागं राहू नये, या जाणिवेनं सबंध हॉलनं वाजवली. निवेदकानं चपळाईनं बनाबाईच्या हातात पुष्पगुच्छ दिला आणि माईक काढून घेतला. 'मी चुकले' राहूनच गेलं.

प्राध्यापकांना मात्र तो प्रश्न फार शास्त्रीय वाटला. समितीच्या पुढच्या बैठकीत त्यावर गांभीर्यानं चर्चा झाली आणि निष्कर्ष निघाला, की ज्याअर्थी मासे मरताहेत त्याअर्थी कुठंतरी, कुणीतरी, अजून धूत आहे. म्हणजे जागृती कमी पडली. दुसरा माहितीपट निघणं अटळ होतं.

त्याचं नाव 'उजळली माई'. बनाबाईला पश्चात्ताप होतो आणि नदी निर्मळ होते, अशी त्याची मांडणी. खरी बनाबाई भरवशाची नाही हे सिद्ध झालं असल्यामुळं बनाबाईच्या भूमिकेसाठी सांगलीहून नटी आणायचं ठरलं. (सांगली ही नाटकांची पंढरी. तिथं कुठलाही पश्चात्ताप तयार मिळतो.) करंजवठारच्या पाण्याचाही तोच प्रश्न होता, त्याला निर्मळतेची भूमिका जमण्यासारखी नव्हती. म्हणून पाणीही बदललं. वर घाटातल्या एका धरणाचं पाणी घेतलं.

नटीचं नाव रेश्मा. वय विशी-बाविशीचं, कामावर निष्ठा असलेली मुलगी. ती शूटिंगच्या आधी एसटीनं एकटीच करंजवठारला आली आणि बनाबाईच्या दारात उभी राहिली. "मावशी, मी तुमची भूमिका करतेय. तुम्ही कशा चालता, कशा धुता, बघायला आले."

दुसरी एखादी असती तर तिनं दार लावलं असतं. बनाबाईनं चहा टाकला. मग पोरीला अंगणवाडीच्या मागं हातपंपापाशी नेलं आणि शिकवलं. "आशी न्हाई गं, आंग दुखंल. कमरंतनं वाक. हां. आता पीळ घाल."

रेश्मानं सगळं उचललं. शेवटी जरा अडखळत म्हणाली, "आणि मावशी, ते... तुम्ही पश्चात्ताप कसा करता?"

"कशाचा?"

रेश्माला सांगता येईना. "म्हणजे, रडायचंय मला. तुमच्यासारखं."

बनाबाईनं पदराला हात पुसले. मग ती आत गेली आणि पायलला उचलून घेऊन आली. पोर झोपेतून उठली होती, कुरकुरत होती. बनाबाईनं तिच्या पायांवरचं फडकं सोडलं. घोट्यापासून गुडघ्यापर्यंत फोड, काही फुटलेले, काही सुकून काळे पडलेले. पायलनं रेश्माकडं बघून विचारलं, "तू सुई टोचनार?"

रेश्मा पायरीवर बसली. तिनं पदराचा बोळा तोंडात धरला, तरी हुंदका बाहेर आलाच.

"हां," बनाबाई म्हणाली, "आसं रडायचं."

*

'उजळली माई' पहिल्या माहितीपटाहून सरस झाला. करंजवठारच्या मैदानात सांजेला पडदा लागला, तेव्हा लांबलांबून माणसं बैलगाड्या जुंपून आली होती. पडद्यावर रेश्मा वाकली ती कमरेतून वाकली, पीळ घातला तो बनाबाईचाच. आणि मग ती काठावर बसली, पदराचा बोळा तोंडात धरला आणि रडली. निवेदक म्हणत होता, "हे अश्रू आहेत अपराधाच्या जाणिवेचे!" बायका मुसमुसायला लागल्या. सुभेदारांनी चष्मा काढून पुसला. चेअरमनच्या डोळ्यांतही पाणी होतं आणि ते त्यांनी पुसलं नाही. संपादक जवळच बसले होते.

बनाबाईनं ते रडणं ओळखलं. ती उठली. दोन रांगा मागं पायल आपल्या आईच्या मांडीवर होती. तिला बनाबाईनं उचललं आणि सरळ पडद्यापुढं जाऊन उभी राहिली. प्रोजेक्टरचा झोत तिच्या अंगावर पडला. रेश्माचं रडणारं तोंड तिच्या लुगड्यावर थरथरायला लागलं.

"ही बगा!" तिनं पोरीचे पाय झोतात धरले. "ती पोरगी हे पाय बगून रडलीया! माझ्या चुकीनं न्हाई! निस्तं बगा तरी!"

पाय अगदी स्वच्छ दिसत होते. मागच्या रांगेलाही दिसत होते. एवढा उजेड गावात दुसऱ्या कशावर कधी पडला नव्हता.

"ए, खाली बस!" कुणीतरी ओरडलं.

"बनाबाई, पिच्चर दिसंना!"

"खाली बस! खाली बस!"

रडणाऱ्या बायकाही ओरडत होत्या. त्यांच्या डोळ्यांत पाणी तसंच होतं. सुभेदार तेवढे उठून उभे राहिले, आता काही बोलणार असं वाटलं. पण त्यांच्याही मागं माणसं होती आणि त्यांनाही पिच्चर दिसेना, म्हणून ते बसले. जालिंदर पुढं आला. त्यानं पायलला कडेवर घेतलं, बनाबाईचा हात धरला आणि दोघं झोतातून बाहेर पडली. पडद्यावर धरणाचं पाणी निळंशार चमकत होतं. टाळ्यांचा आवाज त्यांना ओढ्यापर्यंत ऐकू येत होता.

त्यानंतर सगळं मार्गी लागलं. गावानं बनाबाईला क्षमा केली. "लय चांगली रडलीस," असं बायका तिला बाजारात थांबवून सांगायच्या. तिनं ती मी नव्हे असं सांगितलं, तर म्हणायच्या, "लाजू नगं." मुख्यसेविका बाईंचं पत्र आलं, की सदर कर्मचारी चित्रफितीत सुधारल्याचे दिसून आल्यामुळे नोटीस मागे घेण्यात येत आहे. समितीनं अहवाल दिला, की दोन्ही जिल्ह्यांत मिळून लोकसंख्येच्या ब्याण्णव टक्के जागृती झाली. (उरलेले आठ टक्के बहुधा मासे.) खालच्या दगडांवरची बंदी उठली, पण आता तिथं धुवायला कुणी जात नाही. त्या पाण्यात घातलेला कपडा घातला होता त्याहून काळा निघतो. बनाबाई हातपंपावर धुते, आणि दुपारी अंगणवाडी सुटल्यावर पायलच्या घरी जाऊन तिचे पाय पुसते. पोर आता सुईला भीत नाही.

राहता राहिला कारखाना. गोष्ट इथपर्यंत वाचताना तुम्हांला बनाबाईविषयी वाईट वाटलं असेल. तुम्ही मनाचे चांगले आहात. तिचं नाव तुम्हांला कळलं, तिच्या नवऱ्याचं कळलं, त्या पोरीच्या पायावर फोड कुठून कुठवर होते तेही कळलं. कारखान्याचं नाव मात्र आरंभापासून कुठंच आलेलं नाही, आणि तुम्हांलाही ते विचारावंसं वाटलं नाही. समितीच्या व्याख्येप्रमाणं यालाच जागृती म्हणतात. अभिनंदन.